एका ओळीत कॅमेरामन

‘पोन्नियिन सेल्वन’ म्हटलं की मणिरत्नम आठवतात, रहमान आठवतात. या चित्रपटाच्या पहिल्या भागाला 2024 मध्ये सत्तराव्या राष्ट्रीय पुरस्कारांत छायालेखनाचाही पुरस्कार जाहीर झाला. तो घेणारे रवी वर्मन किती मराठी प्रेक्षकांना माहीत आहेत? त्यांचे ‘बर्फी’, ‘रामलीला’ आणि ‘तमाशा’ तर आपण तिकीट काढून पाहिले.

वर्मन तंजावर जिल्ह्यातल्या एका खेड्यातले. आधी मल्याळम, मग तमिळमध्ये ‘अन्नियन’, ‘दशावतारम’, पुढे हिंदी. ‘पोन्नियिन सेल्वन’ची चोळ राजघराण्याची गोष्ट त्यांच्याच मुलखातली आहे. त्यातल्या राजकन्या कुंदवईचं पळैयारै कुंभकोणमला लागूनच. आज तिथं देवळं आहेत, भातखाचरं आहेत. चोळांचा राजवाडा नाही. मग दहाव्या शतकातले महाल दाखवायचे कुठून? ओर्छा, ग्वाल्हेर आणि हैदराबादचे सेट. ओर्छातल्या बुंदेला राजांच्या भिंती प्रेक्षकाला कावेरीकाठच्या वाटायला हव्यात, आणि त्या तशा वाटवणं कुठल्याही संवादाला जमत नाही. ते उजेडानं होतं. कुंदवई आणि तिची प्रतिस्पर्धी नंदिनी समोरासमोर येतात तो प्रसंग पुन्हा पाहा. कोणाचा चेहरा किती उजळायचा, हे ठरवणारा माणूस त्या दोघींच्या वैराची पटकथाच लिहीत असतो.

आपल्या परीक्षणांत याचं काय होतं? शेवटच्या परिच्छेदात ‘छायांकन नेत्रसुखद’, बस्स. निसर्ग सुंदर दिसला की कॅमेरामन चांगला, असा आपला हिशेब. तो चुकीचा आहे आणि आळशीही. ‘सैराट’मधलं करमाळ्याकडचं ऊन सुधाकर रेड्डी यक्कंटी या तेलुगू छायालेखकानं टिपलं. आर्ची-परश्याचं प्रेम हिरव्या रानात, विहिरीवर फुलतं आणि हैदराबादच्या झोपडपट्टीत चौकट एकदम आकसते. निम्मी गोष्ट तिथंच सांगून होते. याच माणसानं पुढं ‘नाळ’ दिग्दर्शित केला आणि पदार्पणाच्या चित्रपटासाठी राष्ट्रीय पुरस्कार मिळवला. तरीही ‘सैराट’वरच्या गप्पांत त्यांचं नाव मी क्वचितच ऐकलं. मराठी सिनेमासाठी मराठीबाहेरून येऊन इतकं देणाऱ्याशी हे वागणं मला खरोखर लागतं.

परीक्षण लिहिणाऱ्यांनी इतकं तरी करावं: छायालेखकाचं नाव दिग्दर्शकाच्या खालोखाल छापावं आणि त्याच्या एका तरी दृश्यात उजेड कुठून येतो, ते वाचकाला सांगावं. जागा कमी पडली तर नायिकेच्या साड्यांचं वर्णन कापा.