तळघरातला बीथोव्हेन

भुताच्या वाड्याला तळघर असतंच. तिथे अंधार असतो, ओल असते आणि कोपऱ्यात कुणीतरी असतं. अशा जागेला पार्श्वसंगीत काय द्यावं? कुणालाही विचारा, फार काही नको म्हणेल. एखादा खर्जातला सूर लावा, मध्येच पाण्याचा थेंब पाडा, झालं. कॅपकॉम या जपानी कंपनीला एवढ्यावर समाधान नव्हतं. १९९८ साली तिने ‘रेसिडेंट ईव्हिल’ या आपल्या गाजलेल्या गेमची ड्युअलशॉक आवृत्ती काढली आणि चांगलं चाललेलं संगीत काढून नवं बसवलं. त्यातला तळघराचा तुकडा एकदा ऐकाच. वरातीसाठी ऐनवेळी पकडून आणलेला ट्रम्पेटवाला, आदल्या रात्रीची अजून उतरलेली नाही, वरात पुढे गेलीय आणि हा पळता पळता फुंकतोय. मागून दुसरा येतोय, त्याच्या हातात वेगळ्याच गाण्याचा कागद. आणि पडद्यावर काय, तर एक झॉम्बी अत्यंत गांभीर्याने पाय ओढत तुमच्याकडे येतोय. त्या बिचाऱ्याची कीव येते. एवढा मरून परत आला, तो याच्यासाठी?

गंमत इथेच संपत नाही. या संगीताचं श्रेय दिलं होतं मामोरू सामुरागोची या संगीतकाराला. हे गृहस्थ पुढे ‘जपानचे बीथोव्हेन’ म्हणून गाजले, कारण ऐकू येत नसताना ते सिंफनी लिहितात अशी त्यांची ख्याती होती. २०१४ च्या फेब्रुवारीत ताकाशी निइगाकी नावाचे संगीतशिक्षक पत्रकारांसमोर बसले आणि म्हणाले, गेली अठरा वर्षं यांच्या नावावरचं संगीत मी लिहितोय, आणि यांना ऐकू येत नाही असं मला तरी कधी जाणवलं नाही. सोचीचं हिवाळी ऑलिंपिक तोंडावर आलेलं. जपानचा स्केटर दाइसुके ताकाहाशी त्याच ‘बीथोव्हेन’च्या सोनाटिनावर बर्फावर उतरणार होता. उतरलाही. सामुरागोचींनीही मग जाहीर माफी मागितली आणि आपल्याला थोडंफार ऐकू येऊ लागलं होतं, हे मान्य केलं. जपानभर चर्चा, सिंफनी नेमकी कुणाची? तळघराच्या तुकड्यावर हक्क सांगायला कुणी धावून आल्याचं मात्र ऐकिवात नाही. आणि तो तुकडा ऐकल्यावर, संगीतकाराला ऐकू येत होतं ही बातमीच खरी भयकथा वाटते.

बरं, ‘रेसिडेंट ईव्हिल’ला हसू नवं नव्हतं. १९९६ च्या मूळ गेममध्ये पात्रं इंग्रजीत बोलतात, अगदी जपानी ग्राहकासाठीच्या प्रतीतही. ध्वनिमुद्रण जपानमध्येच, जे इंग्रजी बोलणारे हाताशी होते त्यांना घेऊन. एका प्रसंगात नायिका जिल एका खोलीत अडकते आणि छत खाली सरकू लागतं. शेवटच्या क्षणी सहकारी बॅरी दार फोडून तिला ओढून काढतो. मरणाच्या दारातून परत आलेल्या बाईला माणूस काय म्हणेल? बॅरी म्हणतो, थोडक्यात वाचलीस, नाहीतर तुझं सँडविच झालं असतं! तेही अशा सुरात, की डबा उघडून विचारतोय, खाणार का? गेम करणाऱ्यांनी रक्त रंगवलं, सावल्या टाकल्या, कॅमेऱ्याचे कोन असे लावले की पुढच्या वळणावर काय आहे ते दिसू नये. सगळं या एका सँडविचने खाल्लं. कॅपकॉम मात्र हुशार. २००२ मध्ये गेम नव्याने बांधताना आवाज सगळे बदलले आणि सँडविच वगळलं. पण २००६ च्या ‘डेड रायझिंग’मधल्या मॉलमध्ये ‘जिल्स सँडविचेस’ नावाचं दुकान थाटून दिलं. लाज वाटण्यापेक्षा दुकान टाकणं केव्हाही फायद्याचं.

सेगाचा ‘हाउस ऑफ द डेड २’ हा त्याच शाळेतला. १९९८ चा आर्केड गेम. तिथे खलनायकापासून नागरिकापर्यंत सगळे रेल्वेच्या उद्घोषणेच्या सुरात किंचाळतात. त्यांना सोडून देऊ.

मुद्दा असा, की गेममधला आवाज हा फार आज्ञाधारक प्राणी आहे. सिनेमातलं भूत दिग्दर्शकाच्या हातात असतं. दार कधी करकरणार, बाई कधी वळून बघणार, शांतता किती लांबवायची, हे सगळं कात्रीने ठरतं आणि प्रेक्षक खुर्चीत गप्प बसतो. गेममध्ये कात्री खेळणाऱ्याच्या हातात. दार उघडलं की करकर, हे एकदा लिहून ठेवलं की संपलं. मग तुम्ही ते दार उघडा, मिटा, उघडा, मिटा, तो करकरणार. पुढे राक्षस उभा आहे की तुम्ही नुसती मजा करताय, याच्याशी त्याला काही देणंघेणं नाही. मूळ ‘रेसिडेंट ईव्हिल’मध्ये तर प्रत्येक दाराला काळ्या पडद्यावर सावकाश उघडण्याचं दृश्य होतं. काय पलीकडे असेल, या विचाराने हात थंड पडायचे. दार इतकं सावकाश का उघडतं? कारण मागे प्लेस्टेशन सीडीवरून पुढची खोली वाचत असतो. भीती हा सीडी फिरायला लागणारा वेळ होता. हे कळल्यावर पुढची करकर ऐकून माणूस घाबरत नाही, ‘चल बाबा, लवकर वाच’ म्हणतो.

आज्ञाधारकपणाचा कळस बघायचा तर ‘डेडली प्रिमोनिशन’. २०१० चा गेम, जपानी दिग्दर्शक हिदेताका सुएहिरो, जग त्यांना स्वेरी म्हणतं. अमेरिकेतलं वॉशिंग्टन राज्य, ग्रीनवेल नावाचं कल्पित गाव, जंगलात झाडाला टांगलेलं एका मुलीचं प्रेत. तपासाला आलेला एफबीआयचा माणूस. आता दुःख, संशय, धुकं. आणि वाजतं काय? शिट्टी! उन्हाळ्याच्या सुट्टीत सायकलवरून निघालेल्या पोराने घालावी तशी आनंदी शिट्टी. एखाद्या गंभीर बोलण्यात संगीत इतकं मोठं होतं की कोण कुणाला काय सांगतंय ते कळू नये. आणि या सगळ्यावर तुरा म्हणजे खार. या गावातल्या खारी माकडाच्या आवाजात चीत्कारतात. रात्री जंगलातून चाललात, अंगावर काटा, आणि पायाशी एक इवलीशी खार उड्या मारत आख्ख्या चिंपांझी-टोळीचा गलका करून जाते. शिट्टी मुद्दाम असेल, स्वेरींच्या डोक्यात काहीतरी वेगळं असेल, हे मी मान्य करायला तयार आहे. खारीचं समर्थन करणारा समीक्षक मात्र मला भेटायचाय. एका समीक्षणस्थळाने या गेमला दहापैकी दोन दिले, दुसऱ्याने दहापैकी दहा. गिनेसने शेवटी ‘समीक्षकांत सर्वाधिक दुफळी माजवणारा भयगेम’ असा विक्रमच नोंदवून टाकला. माझ्या मते दोघेही त्या खारीलाच गुण देत होते.

१९९३ चा ‘डूम’ खेळलेल्यांना नरकातल्या राक्षसांची घरघर आठवत असेल. त्यातली काही घरघर मुळात उंटाची आहे. ध्वनींच्या तयार संग्रहातून उचललेली. हाड मोडण्याचा आवाज म्हणजे स्टुडिओत कुणीतरी मोडलेली सेलरीची दांडी, हे आता सर्वांना माहीत आहे; पण भाजीवर माणूस एकवेळ डोळेझाक करतो. उंट विसरता येत नाही. त्यात त्याच संग्रहातला डूमच्या दाराचा सरकता आवाज पुढे सिनेमांत नि मालिकांत इतका फिरला, की पडद्यावर एखादी प्रयोगशाळा उघडते आणि खुर्चीतला डूमवाला एकटाच खो खो हसतो. बाजूचे लोक त्याच्याकडे बघतात.

आता जरा अवघड गोष्ट. हे सगळे गबाळे होते, म्हणून हसू आलं, असं म्हणून सुटता येत नाही. कारण उत्तम काम केलेल्यांचीही तीच गत. २०१९ मध्ये कॅपकॉमने ‘रेसिडेंट ईव्हिल २’ नव्याने आणला. त्यात मिस्टर एक्स नावाचा टोपीवाला राक्षस पोलिस ठाण्यात फिरत असतो. मारला तर मरत नाही, फार तर गुडघ्यावर बसतो. आणि त्याची पावलं! धप्प, धप्प, वरच्या मजल्यावर, मग जिन्यावर, मग भिंतीपलीकडे. आवाजाचं इतकं बारीक काम क्वचित झालं असेल. पहिला तासभर तुम्ही कपाटाआड श्वास धरून बसता. दुसऱ्या तासाला लक्षात येतं, की हा स्वतःचा पत्ता स्वतःच सांगत फिरतोय. वर गेला, चला, ग्रंथालय मोकळं. आता पूर्वेच्या बाजूला, चला, किल्ली उचलू. घाबरवायला नेमलेला माणूस खबऱ्या झाला.

आणि यात गेमवाल्यांची अडचण खरी आहे. सिनेमातलं भूत पाठीमागून आवाज न करता आलं तर प्रेक्षक टाळी देतो. गेममध्ये तसं आलं तर खेळणारा पैसे परत मागतो, म्हणतो ही फसवणूक आहे. म्हणून आवाजाने घाबरवायचंही आणि प्रामाणिकपणे सूचनाही द्यायची. १९९९ च्या ‘सायलेंट हिल’मध्ये राक्षस जवळ आला की खिशातला रेडिओ खरखरायचा. अकिरा यामाओका यांनी त्या गेमला दिलेला धातूचा खणखणाट आजही झोप उडवतो. पण रेडिओ? खरखर नाही म्हणजे रस्ता साफ, निवांत चाला. भुताने आधी कळवून यायचं, अशी त्या गावात पद्धत.

मिस्टर एक्सचं पुढे काय झालं? गेम येऊन काही दिवस होतात न होतात तोच चाहत्यांनी त्याचं भयसंगीत काढून रॅपर डीएमएक्सचं ‘एक्स गॉन गिव्ह इट टू या’ बसवलं. तो येताना दिसला की गाणं दणाणतं. नावातला एक्स जुळला, चालीचा ठेका जुळला. आणि खरं सांगू का, त्याला ते शोभलं. काही जणांनी त्याच्या जागी थॉमस नावाचं कार्टूनमधलं हसरं इंजिन आणलं. तेही धप्प धप्प करतच येतं.

‘रेसिडेंट ईव्हिल ४’ची तऱ्हा वेगळी. २००५ चा गेम, स्पेनमधलं आडगाव, कुऱ्हाडी नि कोयते घेतलेले गावकरी. इंग्रजी समजणाऱ्याला त्यांच्या स्पॅनिश आरोळ्यांनी घाम फुटतो. स्पॅनिश समजणाऱ्याला कळतं, की हे स्पेनचे गावकरी मेक्सिकोच्या धाटणीत बोलतायत, आणि ‘तुझ्या मागे बघ, मूर्खा’ असं ओरडतायत. हिंदी सिनेमात ‘आयला’ म्हणणारी मराठी मंडळी भेटली की आपण जसे बघतो, तसे ते बघत असणार. शिवाय गावात चलन पेसेटा. स्पेनने तो सोडून युरो घेतला २००२ मध्ये. बहुधा कुऱ्हाडवाल्यांपर्यंत बातमी पोचली नव्हती.

इथवर हसू गेमच्या आवाजावर होतं. मग लोकांना शोध लागला, की खेळणाऱ्याचा आवाज त्याहून विनोदी आहे. स्वीडनच्या फ्रिक्शनल गेम्सने २०१० मध्ये ‘अम्नेशिया’ काढला. सुरुवातीलाच सूचना: अंधारात बसा, हेडफोन लावा, जिंकायच्या भानगडीत पडू नका. नायकाचं डोकं ठिकाणावरून सुटायला लागलं की कानात दात करकरण्याचा आवाज येतो. अतिशय वाईट आवाज आहे तो, मी कौतुक म्हणून सांगतोय. आणि स्वीडनच्याच प्यूडीपाय नावाच्या तरुणाने हाच गेम खेळताना स्वतःचं किंचाळणं रेकॉर्ड करून लोकांना दाखवलं. लाखोंनी बघितलं. दात करकरले स्टुडिओत, टाळ्या गेल्या खुर्चीतल्या माणसाला.

‘एलियन: आयसोलेशन’ने २०१४ मध्ये आणखी पुढचं पाऊल टाकलं. प्लेस्टेशन ४ चा कॅमेरा किंवा एक्सबॉक्स वनचं किनेक्ट जोडलं, तर तुमच्या खोलीतला आवाजही एलियन ऐकतो. तुम्ही लॉकरमध्ये लपलात, गेममध्ये पूर्ण शांतता, आणि प्रत्यक्षात शिंकलात तर संपलात. हे ज्याला सुचलं तो इंग्लंडमध्ये, शांत घरात राहणारा असणार. आपल्याकडे संध्याकाळी साडेसातला खेळून बघावं त्याने. कुकरची पहिली शिट्टी, आतून ‘अरे गॅस बंद कर’, खाली भंगारवाला, वर पाटा सरकवणारे. तो एलियन लॉकरपाशी येऊन थांबणार नाही, सोसायटीच्या सेक्रेटरीकडे तक्रार घेऊन जाईल.

शेवटी एका हुशार माणसाने ठरवलं, की हसू येणारच आहे तर ते आपणच आणावं. झीकर्स या नावाने एकट्याने काम करणाऱ्या निर्मात्याचा ‘लीथल कंपनी’ २०२३ च्या ऑक्टोबरात आला. चार मित्र परग्रहावर भंगार गोळा करतात. तिथे डोळे नसलेले कुत्रे आहेत, आवाजावर येतात, आणि तुमच्या मायक्रोफोनवरचा आवाजही त्यांना चालतो. भंगारात विदूषकाचा भोंपूही सापडतो, तो वाजतोही. हा भोंपू कुणीतरी वाजवतोच. मित्राचा आवाज अंतरानुसार लहान-मोठा होतो, म्हणजे तो किंचाळत लांब गेला की किंचाळीही लांब जाते, आणि मध्येच, शब्दही पुरा न होता, कट. उरलेल्यांनी या जागी हळहळायचं असतं. ते जमिनीवर लोळून हसतात. मेलेले कुठे जात नाहीत. त्यांची वेगळी बैठक भरते. जिवंत असलेल्या एकट्याचं सगळं बोलणं त्यांना ऐकू येतं, आणि तो चुकीच्या दाराकडे चाललाय हे ते तिघे एकमेकांना मोठमोठ्याने सांगत असतात. त्याला ऐकू जात नाही.