मित्राच्या घरी पाहुणा

आमच्या आणि शेजारच्या काकूंच्या आवारामध्ये कमरेएवढी भिंत आहे. तिची वरची एक वीट निघालेली आहे. त्या खाचेत ताट नेमकं बसतं, म्हणून ती वीट पुन्हा बसवायचं दोन्ही घरांनी कधी मनावर घेतलं नाही. परवा संध्याकाळी खाचेत अनारशांचं ताट आलं. धोंड्याचा महिना चालू, काकूंचे जावई पुण्याहून परतवाड्याला आलेले. तेहतीस त्यांच्या वाणात गेले, सहा माझ्या वाट्याला.

ताटामागून बातमी आली.

"बाई, ऐकलं का व? मित्राच्या घरी म्हने नवा पाहुना दिसला!"

"कोणाच्या मित्राच्या, काकू?"

"अव माय, तारा हाय ना मित्र नावाचा! जावई सांगून रायले होते. एकदा दिसला, मंग दोनदा पाह्यलं तं नाईच म्हने!"

मी शाळेत विज्ञान शिकवून निवृत्त झालेली बाई. अर्धवट बातमी ऐकली की हात आपोआप खडू शोधतो. बातमी खरीच होती. नरतुरंगातला मित्र हा एकटा तारा नाही, सूर्यासारख्या दोन ताऱ्यांची ती जोडी आहे. त्यातल्या मोठ्याच्या शेजारी जेम्स वेब दुर्बिणीला ऑगस्ट 2024 मध्ये एक फिकट ठिपका दिसला. फेब्रुवारी आणि एप्रिल 2025 मध्ये पुन्हा पाहिलं तर जागा रिकामी. त्या वेळी तो ताऱ्याच्या फार जवळ सरकला असेल, असा हिशेब मांडून ऑगस्ट 2025 मध्ये खगोलज्ञांनी तो 'संभाव्य ग्रह' म्हणून जाहीर केला. वजनानं साधारण शनीएवढा.

"म्हनजे स्थळ पाहून झालं, सुपारी नाई फुटली," काकू म्हणाल्या. "अन् शनी म्हनता? मित्राच्या मागं साडेसातीच लागली म्हना!"

मित्राचं तिसरं भावंडही आहे, प्रॉक्झिमा. सूर्य सोडला तर आपल्याला सगळ्यांत जवळचा तारा हाच, पण इतका मिणमिणता की नुसत्या डोळ्यांना दिसतच नाही. अंतर 4.24 प्रकाशवर्षं, म्हणजे सुमारे 40 लाख कोटी किलोमीटर. आपली अमरावतीची एसटी ताशी 60 नं न थांबता धावली तरी साडेसात कोटी वर्षं लागतील. शकुंतला चालू असती तर विचारूच नका. अचलपूरहून मूर्तिजापूरला जायला पाऊणशे किलोमीटरला चार तास घेणारी गाडी ती, 20 कोटींच्या पुढेच जाईल हिशेब. या प्रॉक्झिमाला ग्रह आहे हे 2016 च्या ऑगस्टमध्ये कळलं. चिलीतल्या ला सिया इथल्या दुर्बिणीनं त्याचा माग काढला.

"ताराच दिसत नाई डोयानं, त ग्रह कसा दिसला व?"

"दिसलाच नाही, काकू. तुम्हाला समोरच्या घरचा पाहुणा कसा कळतो?"

काकूंनी मान वळवून समोर पाहिलं. त्या घरात कोण आलंय हे बघायला काकू कधीच जात नाहीत. सकाळी दुधाच्या पिशव्या एकाच्या दोन होतात. दोरीवर अनोळखी टॉवेल दिसतो. घरधनी एरवी डुलत डुलत दुकानी निघतो, तो त्या दिवशी मागे वळून वळून बघत निघतो. तेवढ्यावर काकू सांगतात, सासुरवाडीचं माणूस आहे आणि दोन दिवस तरी राहणार. चूक क्वचितच होते.

ग्रहाचं तेच. तारा ग्रहाला ओढतो तसा ग्रहही ताऱ्याला ओढतो, बळ कमी असलं तरी. त्या ओढीनं तारा किंचित पुढेमागे डोलतो. आपल्याकडे येताना त्याचा प्रकाश अंमळ निळ्याकडे सरकतो, लांब जाताना तांबड्याकडे. तो फरक मोजायचा. प्रॉक्झिमाच्या डोलण्याचा वेग ताशी पाच किलोमीटरच्या आसपास निघाला. काकू पिशवी घेऊन भाजीला निघतात ना, तीच चाल. 40 लाख कोटी किलोमीटरवरून ही चाल ओळखायची! मला या शोधात ग्रहापेक्षा ही मोजणीच मोठी वाटते. जावई मंडळी मात्र 'तिथं पाणी असेल का' याच्यावरच अडून बसतात.

पाणी असू शकतं, ताऱ्यापासूनचं अंतर तसं आहे. पण तो तारा रागीट आहे. 1 मे 2019 ला त्याचा असा भडका उडाला की काही सेकंदांत त्याचं अतिनील तेज हजारो पटींनी वाढलं. शिवाय ग्रह इतका जवळून फिरतो की त्याची एकच बाजू कायम ताऱ्याकडे असावी. एका अंगाला अखंड उजेड, दुसऱ्याला अखंड रात्र.

"पापडं वायवाले बरं हाय," काकू म्हणाल्या. "वर्स केवढं त्याचं?"

"आपले अकरा दिवस."

काकू बोटं मोजायला लागल्या. तीन वर्षांनी एक धोंडा, म्हणजे तेहतीस दिवसांनी. "अव माय! दर महिन्याले जावई? अन् दर महिन्याले तेहतीस अनारसे? नको व बाई, तथी नाई जात मी."

जवळच्या ताऱ्यांच्या घरच्या अफवाही जुन्याच आहेत. बर्नार्डचा तारा सहा प्रकाशवर्षांवर. पीटर व्हान डे काम्प नावाच्या खगोलज्ञानं 1963 मध्ये सांगितलं की याला गुरूपेक्षाही मोठा ग्रह आहे. पंचवीस वर्षांच्या फोटोंच्या काचा होत्या पुराव्याला. जगानं मान्यही केलं. 1973 मध्ये दुसऱ्यांनी तपासलं तर ताऱ्यात काही नव्हतं, दुर्बिणीच्या भिंगाची जुळणी मध्ये बदलली होती.

"भिंग हालवलं अन् तारा हालला म्हने!" काकू भिंतीला धरून हसल्या. गंमत अशी की त्याच ताऱ्याला ऑक्टोबर 2024 मध्ये एक आणि मार्च 2025 पर्यंत एकूण चार खरे ग्रह निघाले. चारही पृथ्वीहून हलके, सगळ्यांचं वर्ष आपल्या आठवड्यात बसणारं, आणि तापलेले. व्हान डे काम्पचा मात्र त्यात एकही नाही.

आणखी जुनी अफवा तर जावयांच्या गावाशी नातं सांगणारी. कॅप्टन विल्यम जेकब हा कंपनी सरकारचा इंजिनिअर. 1840 च्या दशकात पुण्यात स्वतःची दुर्बीण लावून जोडताऱ्यांच्या नोंदी करत बसायचा. पुढे मद्रास वेधशाळेचा प्रमुख झाला. 1855 मध्ये त्यानं लिहिलं की भुजंगधारीतल्या '70' क्रमांकाच्या जोडताऱ्याची चाल हिशेबात बसत नाही, तिथं ग्रह असण्याचा बराच संभव आहे. परक्या ताऱ्याच्या ग्रहाबद्दलच्या सगळ्यांत जुन्या दाव्यांपैकी हा एक, आणि तो आपल्या देशातून गेलेला. दावा पुढे टिकला नाही. जेकब 1862 मध्ये पुण्याजवळच्या डोंगरावर वेधशाळा उभारायला विलायतेहून परत आला आणि उतरल्यावर काही दिवसांतच, ऑगस्टमध्ये, पुण्यातच वारला.

काकू गप्प झाल्या. "दुर्बीन लावाच्या आधीच?" एवढंच विचारलं.

नावं ठेवण्यात आपण मागे नाही, हेही त्यांना सांगितलं. 2019 मध्ये दूरच्या एका ताऱ्याला भौतिकशास्त्रज्ञ बिभा चौधुरींचं नाव मिळालं आणि त्याच्या ग्रहाला 'संतमस'. हे दुसरं नाव पुण्यातल्या एका शाळकरी पोरानं सुचवलेलं. "पुन्याचं पोट्टं नावं ठेवनारच," काकू म्हणाल्या, आणि घराकडे बघून आवाज खाली केला.

रात्री लाईन गेली. दोन्ही घरं आपापल्या गच्चीवर. उत्तरेला मेळघाटाचे डोंगर काळे पडलेले, दक्षिणेला अमरावतीपर्यंत सपाट, आडवं काही नाही. पावणेअकराला मी कठड्यावरून काकूंना हात लांब करून मूठ धरायला लावली. क्षितिजापासून मुठीच्या उंचीच्याही खाली, धुळीत तांबूस झालेले दोन तारे.

"डावीकडचा मित्र. त्याचा हा उजेड सव्वाचार वर्षांच्याही थोडा आधी निघालाय."

"म्हनजे नातू पायन्यात होता तवा," काकू म्हणाल्या आणि जावयांना उठवायला गेल्या.

लंडनच्या माणसाला हा तारा घरून कधीच दिसत नाही, परतवाड्याला दिसतो. मेच्या अखेरीस दक्षिणेची गच्ची मोकळी असेल तर बघून घ्या, मृग लागला की ढगच दिसतील.