चंद्राचा लेटमार्क

विरारच्या किंवा कल्याणच्या लोकलमधला माणूस रोज तीच गाडी, तोच डबा आणि जमल्यास तीच चौथी सीट पकडतो. शेजाऱ्याचं कोपर त्याच्या बरगडीत वर्षानुवर्षं मुक्कामाला असतं. कोपराच्या मालकाचं नाव मात्र त्याला ठाऊक नसतं. दोघांच्या कानांत इअरफोनची बोंडं, नजर मोबाइलवर. भजनी मंडळवाले तेवढे अपवाद, तेही टाळ-झांजांसकट.

समुद्रापलीकडच्या रेवसच्या चाकरमान्याला इतकं शिस्तीत कंटाळायची सोय नाही. रस्त्याने मुंबई शंभरेक किलोमीटर, लाँचने मुंबईचा भाऊचा धक्का दीड तास, आणि पाण्याचं वेळापत्रक चंद्राच्या ताब्यात. भरती रोज सुमारे पन्नास मिनिटं पुढे सरकते. बंदरात गाळ, मोठ्या ओहोटीला लाँच धक्क्याला लागणं मुश्कील. म्हणून किनाऱ्यावरचा जुना हिशेब कामी येतो: तिथीची पाऊणपट करा, भरतीची वेळ निघते. अष्टमीला सहा, पौर्णिमेला सव्वाअकरा. ओहोटी त्यापुढे साधारण सहा तासांनी.

म्हणजे ज्या पौर्णिमेवर कवींनी वह्या भरल्या, त्या दिवशी समुद्र नेमका ऑफिस सुटताना आटतो. शिवाय ती उधाणाची ओहोटी, सगळ्यात खोल. ‘साहेब, काल पौर्णिमा होती’ या सबबीवर लेटमार्क माफ करणारं कार्यालय अजून उघडायचंय.

पण खोळंबलेली माणसं बोलतात, हा गाळाचा फायदा मानायला हवा. लोकल अडकली की रेल्वेला शिव्या घालता येतात. ओहोटीला कोण घालणार? मग विषय घरच्यांवर येतो. कंटाळा इथेही आहेच. हिवाळ्यात लाँचमागे येणाऱ्या कुरवांना पाहुणे हौसेने वेफर्स भरवतात, तेव्हा रोजचा प्रवासी झोपलेला असतो.

वारा वाढून लाँच रद्द झाली, तर मात्र जुनी माणसं हुज्जत घालत नाहीत. 17 जुलै 1947 रोजी भाऊच्या धक्क्यावरून रेवसला निघालेली ‘रामदास’ बोट बुडाली आणि सहाशेहून अधिक माणसं गेली.

रेवसच्या समोरच करंजा, बोटीने पंधराएक मिनिटं. तिथे जायच्या पुलाची गोष्ट बॅरिस्टर अंतुले मुख्यमंत्री होते तेव्हापासून, 1980-82 पासून, चालू आहे. करंजाजवळच्या उरणला लोकल मात्र पोचली जानेवारी 2024मध्ये. पूल झाला की रेवसकरालाही ठरलेल्या वेळेचा, मुंबईच्या दर्जाचा कंटाळा मिळेल. तोवर रेवसला जाऊन संध्याकाळी परतायचं असेल, तर पौर्णिमा टाळा. अष्टमी बरी.