खिशात मावणारं शस्त्र : दारूगोळा कसा निवडावा

दिवेआगरला वाडी घेतलीत, उत्तम झालं. फाटकावर आडनावाची पाटी लागली, विहिरीवर पंप बसला, आणि आता ओटीवर चहा पिता पिता तो विषय मनात यायला लागला आहे. रात्री सुरूच्या बनात काहीतरी सळसळतं, सकाळी अंगणात कुरतडलेली शहाळी पडलेली दिसतात, आणि मोबाइलवर एक अमेरिकन गृहस्थ छोट्या पिस्तुलाला कुठली गोळी चांगली हे तासभर समजावून सांगतो. तुम्ही नवशिके आहात. ही मार्गदर्शिका तुमच्यासाठीच लिहिली आहे.

पायरी पहिली : कॅलिबर निवडा. ही पायरी सगळ्यात सोपी, कारण ती सरकारने तुमच्या वतीने केव्हाच चढून ठेवली आहे. अमेरिकेत ९ मिलिमीटर बरी की .४५ बरी, ह्यावरून सख्खे भाऊ बोलेनासे होतात. आपल्याकडे लष्कराची आणि पोलिसांची म्हणून जी कॅलिबरं धरली गेली, ती सामान्य माणसाला बंद. त्यात ९ मिलिमीटर गेली, .३८ गेली, .४५५ गेली. पिस्तूल-रिव्हॉल्व्हरवाल्यांच्या हाती राहिली ती मुख्यतः .३२. परवानाधारक ‘बत्तीस बोर’ असं म्हणतात आणि ‘मोठी मिळत नाही’ हे वाक्य पुढे न बोलता जोडतात.

बत्तीसमध्येही एक खाचखळगा आहे, तेवढा नीट बघून घ्या. रिव्हॉल्व्हरची बत्तीस वेगळी आणि पिस्तुलाची वेगळी. रिव्हॉल्व्हरचं काडतूस लांब, त्याच्या बुडाला बाहेर आलेली कड असते आणि त्या कडेवर ते चक्रात अडकून बसतं. पिस्तुलाचं आखूड असतं, मॅगझिनमधून वर सरकायचं असतं म्हणून त्याची कड जेमतेम. दोन्हींना नाव एकच, म्हणून एकाचं दुसऱ्यात चालेल असं समजू नका. दुकानात गेल्यावर नुसतं ‘बत्तीस द्या’ म्हणणारा ग्राहक नवखा, हे दुकानदार तिथेच ओळखतो.

पायरी दुसरी : कंपनी निवडा. इथेही तुम्हाला फारसे कष्ट नाहीत. पुण्याजवळ खडकीला १८६९ पासून दारूगोळ्याचा कारखाना आहे. देशी काडतुसाच्या पितळी बुडावर ‘केएफ’ अशी अक्षरं दिसतात, ती किरकी फॅक्टरीची. ऑक्टोबर २०२१ मध्ये सरकारी आयुध कारखान्यांच्या सात कंपन्या झाल्या आणि खडकी म्युनिशन्स इंडियाकडे गेली. त्यामुळे मालक पुणेकर असेल तर त्याला पाहुण्यांपुढे ‘आमच्याकडचंच आहे’ असं म्हणण्याची सोय आहे, आणि पुणेकर सोय वाया घालवत नाही.

मोबाइलवरचा गृहस्थ पोकळ नाकाच्या गोळीबद्दल फार बोलतो. आत शिरली की फुलते, म्हणे. तिची आजी आपल्याकडचीच. एकोणिसाव्या शतकाच्या शेवटी कलकत्त्याजवळच्या डमडमच्या कारखान्यात तशी गोळी निघाली आणि १८९९ मध्ये हेगला जमलेल्या देशांनी युद्धात अशा गोळ्या वापरायच्या नाहीत असं ठरवलं. तुम्हाला ह्यातलं काहीच ठरवायचं नाही. दुकानदार जी पुडी काढून ठेवेल ती तुमची आवड.

पायरी तिसरी : शस्त्र. हे खरं तर आधी यायला हवं होतं, पण उत्साही माणूस आधी गोळीच बघतो. कानपूरच्या सरकारी कारखान्याने २०१४ साली ‘निर्भीक’ नावाचं बत्तीसचं रिव्हॉल्व्हर खास बायकांसाठी म्हणून काढलं. वजन अर्धा किलो, किंमत तेव्हा सव्वा लाखाच्या आसपास. पर्समध्ये मावतं, फक्त ते घेतल्यावर पर्समध्ये दुसरं काही उरत नाही.

परवान्याचा अर्ज अलिबागला जिल्हाधिकाऱ्यांकडे. वय एकवीस पूर्ण हवं, शस्त्र सुरक्षित हाताळण्याचं प्रशिक्षण हवं, पोलिसांचा अहवाल हवा. अर्जात ‘शस्त्र कशासाठी हवं’ असा रकाना असतो. तिथे ‘वांदर’ लिहू नका. पीक राखण्यासाठी कायद्याच्या डोळ्यांसमोर आहे ती ठासणीची बंदूक, जी खिशात ठेवायची म्हटली तर खिसा पाच फुटांचा शिवावा लागेल. आणि ती मिळाली तरी वानर १९७२ च्या वन्यजीव कायद्याने राखलेला प्राणी आहे. बंदुकीचा परवाना म्हणजे त्याला मारायचा परवाना नव्हे.

परवाना मिळालाच तर त्यावर काडतुसांचे दोन आकडे असतात : एका वेळी जवळ किती ठेवायची आणि वर्षभरात विकत किती घ्यायची. त्यात सराव आला, पावसाने खराब झालेली आली आणि हरवली तर पोलीस स्टेशनही आलं. एकतीस डिसेंबरला किनाऱ्यावर बार काढायचा विचार असेल तर २०१९ च्या दुरुस्तीने त्यालाही वेगळी शिक्षा ठेवली आहे, दोन वर्षांपर्यंत कैद किंवा लाखापर्यंत दंड, किंवा दोन्ही. फटाके स्वस्त पडतात.

मग येते निवडणूक. आचारसंहिता लागली की परवान्याच्या बंदुका पोलिसांकडे जमा करण्याचे हुकूम निघतात. २०२४ मध्ये लोकसभा आणि विधानसभा एकाच वर्षात आल्या, म्हणजे बंदूक एकदा माहेरी जाऊन आली न आली तोच पुन्हा निघाली. वांदरांना आचारसंहिता लागू नाही.

इथे थोडं थांबायला हवं. दारूगोळा ह्या किनाऱ्याला अनोळखी नाही. फेब्रुवारी १९९३ मध्ये इथून श्रीवर्धनकडे जाताना लागणाऱ्या शेखाडीला आरडीएक्स आणि एके-५६ रायफली उतरल्या, आणि १२ मार्चला मुंबईत काय झालं ते सगळ्यांना माहीत आहे. १९९७ साली इथल्याच एका वाडीत खणताना गणपतीचा सोन्याचा मुखवटा सापडला. मार्च २०१२ मध्ये देवळावर दरोडा पडला, मुखवटा गेला आणि दोन पहारेकरी जिवानिशी गेले. गावात पिस्तुलाचा विषय काढलात तर हसण्यावारी नेणारे भेटतील तसे एकदम गप्प होणारेही भेटतील. गप्प होणाऱ्यांपुढे विषय वाढवू नका.

एवढं सगळं वाचूनही ज्यांचा शस्त्राचा हट्ट कायम आहे, त्यांच्यासाठी खरी मार्गदर्शिका आता सुरू होते. दिवेआगरच्या वाडीत चालणारं, खिशात मावणारं आणि कुठल्याही निवडणुकीत जमा न करावं लागणारं शस्त्र एकच : बेचकी. पेरूच्या फांदीचं दुबेळकं, सायकलच्या जुन्या ट्यूबच्या दोन पट्ट्या आणि मध्ये चपलेच्या चामड्याचा तुकडा. मोटरसायकलची ट्यूब घेऊ नका, ती ताठ असते आणि सुटली की तुमच्याच नाकावर येते. बेचकीबद्दल ह्यापेक्षा जास्त सांगण्यासारखं काही नाही. सगळी विद्या दारूगोळ्यात आहे, आणि इथे सरकारने तुमच्यासाठी काहीच ठरवून ठेवलेलं नाही.

नवखा माणूस प्रथम समुद्रावर जातो. किनारा म्हणजे गोटे असणारच, अशी त्याची समजूत. दिवेआगरचा किनारा चारेक किलोमीटर नुसती वाळू आहे. रिकाम्या हाताने परत येताना तो रस्त्याच्या कडेची खडी उचलतो. खडी धारदार असते, वाकडी जाते आणि शेजारच्या घराचं कौल हमखास शोधून काढते. मग जांभ्याचे तुकडे. जांभा चामड्यात धरला तरी भुगा होतो, खिसा लाल होतो आणि उरलेला अर्धा तुकडा कुठल्या दिशेने जाईल हे जांभ्यालाही सांगता येणार नाही. गोट्या सरळ जातात, पण त्या झाडाखाली पडल्या की गावची पोरं वेचून नेतात. म्हणजे तुम्ही पोरांना पगारी ठेवल्यासारखं होतं. बेअरिंगचे छर्रे कोणी सुचवले तर त्या माणसाशी वाडीबद्दल बोलणं बंद करा. छर्रा जनावराच्या अंगात घुसतो. कायदा राहिला बाजूला, शनिवारी मारुतीला तेल वाहणारं गाव तुम्हाला चहा विचारणार नाही. कार्बाइडच्या पाइपच्या तोफेचं नावही नको. २०२५ च्या दिवाळीत भोपाळकडे त्या खेळण्याने कितीतरी पोरांचे डोळे दुखावले.

जुने लोक मातीच्या गोळ्या करत. वारुळाची माती मळायची, बोराएवढ्या गोळ्या वळायच्या, सावलीत सुकवायच्या. सरळ जातात, लागल्या की फुटतात, कोणाचं नुकसान नाही. अडचण एवढीच की ज्या दिवसांत लागतात त्या दिवसांत पाऊस असतो आणि त्या सुकत नाहीत.

मग उरते ती गळ सुपारी. पावसाळ्यात कोळे रोगाने कच्ची सुपारी गळते, झाडाखाली हिरवा सडा पडतो. गोल, हलकी, फुकट. ह्यात थोडा अन्याय आहे : ज्याने पावसाआधी बोर्डो मिश्रणाची फवारणी वेळेवर केली, त्याच्याकडे दारूगोळा कमी. आळशी बागायतदार इथला सगळ्यात सुसज्ज माणूस.

निवडायची कशी, ते आमच्या पाडेलीकडून शिकावं. नारळ पाडून झाले की तो सुपारीच्या ओळीत उकिडवा बसतो आणि गळ चाळवतो. एक उचलतो, तळहातावर दोनदा उडवतो. सडून मऊ झालेली बाजूला, लांबट बाजूला. राहिलेल्या गोलाला देठाकडे जी छोटी टोपी चिकटलेली असते ती अंगठ्याच्या नखाने उपसून टाकतो. टोपी राहिली तर सुपारी हवेत डुलते, म्हणतो. सगळ्या सोलून झाल्या की धुवायच्या नाहीत, थोडी माती राहू द्यायची, म्हणजे चामड्यावरून घसरत नाहीत.

मुंबईहून आलेल्या एका नव्या मालकाने त्याच्यासमोर बेचकी ताणली आणि माडाच्या घोसाजवळ बसलेल्या वानरावर नेम धरला. पाडेलीने विचारलं, “साहेब, त्याने तुमचं काय नेलं?”

“शहाळी.”

“मग शहाळ्यावर कशाला मारता? उरलेली तुम्हीच पाडाल.”

“मग कुठे मारू?”

“सुकलेल्या झावळीवर मारा. त्याला आवाज कळतो.”

हा ह्या विद्येचा गाभा. सुकी झावळ हे लक्ष्य, वानर नव्हे. सुपारी तिच्यावर खडखडत उतरली की कळपाचा म्होरक्या मान वर करतो. दुसरी पत्र्याच्या पडवीवर पडू द्या. तिसरीच्या आत सगळे पलीकडच्या माडावर असतात. एवढ्यात ते जातात, कारण त्यांना तसंही जायचं असतं. पण त्याचं श्रेय घ्यायला हरकत नाही.

वाडीवाला वांदरांवर एवढा का चिडतो, हेही नवशिक्याने समजून घ्यावं. ३ जून २०२० ला निसर्ग वादळाने ह्या किनाऱ्यावरच्या वाड्या आडव्या केल्या. त्यानंतर लावलेल्या सुपारीला फळ धरायला पाच-सात वर्षं जातात. म्हणजे इतकी वर्षं पाणी घातलेल्या झाडाला नुकती कुठे पोय आली आणि ती कोणीतरी ओरबाडून खाल्ली. अशा माणसाला ‘निसर्गाशी जुळवून घ्या’ असं सांगू नका. त्याच्या लेखी निसर्ग हे आधीच एका वादळाचं नाव आहे.

शेवटची पायरी बहुतेक मार्गदर्शिका वगळतात. तुमच्या वाडीतून निघालेला कळप शेजाऱ्याच्या वाडीत जातो. शेजाऱ्याकडेही बेचकी आहे, आणि त्याने ह्या वर्षी फवारणी केलेली नाही. तेव्हा पहिली सुपारी सोडण्यापूर्वी त्याला फोन करा, “काका, येतायत हं तुमच्याकडे,” एवढंच सांगा. तो उठेल, बेचकी घेईल, त्याच्या पत्र्यावर खडखडाट होईल आणि तासाभरात तुमचा फोन वाजेल. खिसा भरून ठेवलेला असू द्या.