किंचित बॉस्की

‘बॉस्की म्हणजे काय?’ असं आमच्या घरात विचारलं तर तीन पिढ्यांची तीन उत्तरं येतात. आई म्हणते, कापड. सायीच्या रंगाचं, अंगावरून घसरणारं रेशमी कापड. वडिलांचा त्याचा एक सदरा होता आणि तो फक्त दुसऱ्यांच्या लग्नात बाहेर निघायचा. बायको म्हणते, गुलजारांची मुलगी. मेघना गुलजारचं घरातलं नाव बॉस्की, आणि पाली हिलवरच्या त्यांच्या बंगल्याचं नावही ‘बॉस्कियाना’. मुलगा म्हणतो, चौथ्या मजल्यावरच्यांचा कुत्रा. तिघांचंही बरोबर आहे. इंग्रजी कोश मात्र चौथंच काहीतरी सांगतो: बॉस्की म्हणजे झाडीने भरलेलं. टेकडी बॉस्की असते, घळ बॉस्की असते. शब्द जुना आहे, आणि आता तो निघालाच तर बहुधा गमतीनेच निघतो, एखाद्या लहानशा दरीच्या आधी जोडून.

कोशातला अर्थ वाचून समाधान मानणारी माणसं वेगळी. झाडीने भरलेलं म्हणजे किती भरलेलं? मेळघाट बॉस्की नाही. तिथे वाघ आहे, आणि वाघ असलेल्या जागेला इंग्रज विशेषण लावत बसत नाही, बंदूक लावतो. पुण्याचं एम्प्रेस गार्डनही बॉस्की नाही. तिथे तिकीट आहे. बॉस्की म्हणजे या दोहोंच्या मधलं काहीतरी. बुटकी दाट झुडपं, त्यांच्यावर ओणवलेली चार मोठी झाडं, खाली ओलसर सावली, मधून जमलं तर एक ओहोळ. शेळी हरवावी पण गुराखी हरवू नये, इतपतच दाटी. अशा जागी सगळ्यात मोठा धोका कवीचा.

शब्दाचं खानदान मात्र भलतंच पसरलेलं आहे. मध्ययुगातल्या लॅटिनमध्ये रानाला ‘बॉस्कस’ म्हणायचे. त्याचं इटलीत बॉस्को झालं, स्पेनमध्ये बॉस्के, फ्रान्समध्ये ब्वा. इंग्रजांचा ‘बुश’ही त्याच कुळातला. म्हणजे अमेरिकेने बापाला आणि मुलाला दोघांनाही ज्या घरातून राष्ट्राध्यक्ष केलं, ते आपल्या हिशेबाने झुडपे घराणं. आणि डॉन बॉस्को? संत जॉन बॉस्को (१८१५–१८८८) हे उत्तर इटलीतले पाद्री. आडनावाचा अर्थ रान. माटुंग्याला प्रवेशाचा फॉर्म भरणाऱ्या पालकांना कल्पना नसेल, पण ते आपला मुलगा रानडे सरांच्याच शाळेत घालत असतात. (रानड्यांची व्युत्पत्ती मी स्वतःच्या जबाबदारीवर लावली आहे. पत्रं पाठवू नयेत.)

याच कुळात दोन चुलतभाऊ असे निघाले की एकमेकांचं तोंड बघू नये. फ्रेंच ‘बुके’ हा मुळात झाडांचा लहानसा पुंजका. आणि इंग्रजी ‘अँबुश’ म्हणजे झाडीत दडून बसणं. एकाच झुडपातून एक फुलं घेऊन बाहेर आला, दुसरा तलवार घेऊन. मंगल कार्यालयात दोघांची अजून गाठ पडते: आपल्या हातात बुके असतो आणि खांबाआड व्हिडिओवाला दबा धरून असतो, आपण गुलाबजाम तोंडात टाकण्याची वाट बघत. करतलबखानाला यातला दुसरा अर्थ १६६१ साली उंबरखिंडीत कळला, कोश न उघडता.

साहित्यात या शब्दाची सोय आधी शेक्सपिअरने लावली. ‘चौथा हेन्री’च्या पहिल्या भागात श्रूजबरीच्या लढाईच्या सकाळी राजाला झाडीच्या टेकडीमागून सूर्य उगवताना दिसतो; तिथे शब्द ‘बस्की’ असा लिहिला आहे, कारण त्या काळी शुद्धलेखनाला गुण नव्हते. ‘टेंपेस्ट’मध्ये धान्याची देवता सेरेस आपली जमीन सांगते, तेव्हा काही एकर झाडीचे आणि बाकी उघडा माळ अशी फोड करून सांगते, एखाद्या बागायतदारणीने पोटखराब्यासकट सातबारा वाचून दाखवावा तशी.

मग मिल्टन. १६३४ च्या सप्टेंबरात लडलोच्या किल्ल्यात त्याचं ‘कोमस’ नावाचं नाट्य झालं. यजमान उमरावाची खरीखुरी तीन मुलं, दोन मुलगे आणि एक मुलगी, रानात चुकामूक झालेली भावंडं म्हणून त्यात स्वतःच उभी राहिली. त्या रानातला मांत्रिक कोमस हा मद्यदेव बॅकसचा मुलगा. वाटसरूला प्याला पाजायचा आणि पिणाऱ्याचं तोंड जनावराचं करायचं, हा त्याचा धंदा. वाट चुकलेल्या मुलीला तो धीर देतो की बाई, इथली वाट न् वाट मला ठाऊक आहे. आणि त्या बोलण्यात ‘बॉस्की’ येतो. मिल्टनसारख्या सोवळ्या माणसाने हा शब्द नेमका दारूवाल्याच्या पोराच्या तोंडी घालावा! पुढे शंभरएक वर्षांत इंग्रजांच्या बोलीत बॉस्कीचा दुसरा अर्थ रूढ झाला: किंचित प्यालेला. भाषाशास्त्रज्ञ काय म्हणायचं ते म्हणोत, मला यात कोमसचाच हात दिसतो.

नाहीतरी त्या देशात झाडी आणि पेला यांची जुनी सोयरीक आहे. १६५१ साली वूस्टरची लढाई हरून पळालेला दुसरा चार्ल्स बॉस्कोबेल नावाच्या जागी एका ओकच्या झाडात दिवसभर लपून बसला. खाली क्रॉमवेलचे शिपाई त्याला हुडकत होते. बॉस्कोबेल म्हणजे इटालियनमध्ये ‘सुंदर रान’. झाडावर बसून राजाला त्याच्या सौंदर्याचं किती पडलं होतं कोण जाणे. नऊ वर्षांनी राज्य परत मिळालं, आणि प्रजेने त्या झाडाची आठवण कशी जपली? देशभरच्या गुत्त्यांना ‘रॉयल ओक’ असं नाव देऊन. आजही इंग्लंडात या नावाचे पब पैशाला पासरी आहेत.

प्यालेल्या माणसाचं मोजमाप करायला आपल्याकडे तर्र, टुन्न, टाइट असे थेट निकाल असतात. बॉस्की या सगळ्यांच्या बराच अलीकडचा. जॉर्जेट हेयरच्या कादंबऱ्यांत दोनशे वर्षांपूर्वीचे तरुण उमराव क्लबातून निघतात तेव्हा असे असतात: गळपट्टा जरा सैल, व्याकरण शाबूत, आणि जिन्याला सकाळपेक्षा एक पायरी जास्त. अशा माणसाला ‘प्यालाय’ म्हटलं तर पहाटे पिस्तुलं निघायची, म्हणून झाडीचं विशेषण. आमचे एक लांबचे काका हळदीच्या रात्री नेमके या अवस्थेत असायचे. काकू पदर खोचत सगळ्यांना सांगायची, “ह्यांना जरा उन्हाचं लागलंय.” रात्री अकरा वाजता. काकूला हा शब्द मिळाला असता तर सूर्याला मध्ये ओढावं लागलं नसतं.

आता ज्या देशात झाडीसाठी वुड, ग्रोव्ह, कॉप्स, स्पिनी, होल्ट, हर्स्ट, थिकेट अशी नावांची पेठ भरलेली, तिथे झाडं किती असावीत? विसाव्या शतकाच्या सुरुवातीला ब्रिटनमध्ये जेमतेम ५ टक्के जमिनीवर झाडी उरली होती. पहिल्या महायुद्धात कोळशाच्या खाणींना टेकू द्यायलाही लाकूड पुरेना, तेव्हा १९१९ साली सरकारने वनआयोग नेमला आणि लावणी सुरू केली. शंभर वर्षं खपून आकडा १३ टक्क्यांच्या आसपास आला आहे. विशेषणांचा तुटवडा मात्र त्यांना कधी पडला नाही. ‘फॉरेस्ट’चं तर विचारूच नका. नॉर्मन राजांच्या अमदानीत तो झाडांचा शब्दच नव्हता, कायद्याचा होता: राजाच्या शिकारीसाठी राखलेली जमीन. तिथे झाड असलंच पाहिजे असं कुणाचं म्हणणं नव्हतं. डार्टमूरच्या फॉरेस्टात आजही नजर टाकाल तिकडे माळ.

झाडं तुटत गेली तसतसा देखावे बघण्याचा शौक वाढत गेला. विल्यम गिल्पिन नावाच्या पाद्रीबुवांनी १७८२ साली वाय नदीकाठच्या प्रवासाचं पुस्तक काढलं. टिंटर्नच्या पडक्या मठासमोर उभे राहून ते काय म्हणाले असतील? की भिंतींची टोकं फार नेटकी राहिली आहेत, कुणी बेताने हातोडा चालवला तर चित्र सुधारेल. कवी थॉमस ग्रे १७६९ साली केसविकला गेले होते. त्या काळी रसिक मंडळी खिशात एक काळसर, फुगीर आरसा बाळगायची. देखाव्याकडे पाठ करायची आणि तो आरशात बघायचा, म्हणजे रंगवलेल्या चित्रासारखा दिसतो. ग्रेसाहेब असेच बघता बघता घाणेरड्या गल्लीत उताणे पडले. आरसा वाचला, बोटांची सालटी गेली. लोणावळ्याच्या टायगर पॉइंटवर दर रविवारी हाच प्रयोग होतो. आरशाच्या जागी फोन आला, एवढाच फरक.

पण सगळ्यांवर कडी केली ती डॉर्सेटच्या लॉर्ड मिल्टनने (कवीशी नातं नाही). वाड्याच्या खिडकीतून त्याला हिरवळ आणि झाडी बघायची होती आणि मध्ये मिडल्टन नावाचं नांदतं गाव येत होतं. १७८० च्या सुमारास त्याने गावच पाडलं, आणि नजरेआड दुसरं वसवलं. ‘केपॅबिलिटी’ ब्राउन हा त्या वेळचा सगळ्यात नावाजलेला बागरचनाकार त्याच्या पदरी कामाला होता. आपल्याकडे गावं धरणासाठी उठतात. हे खिडकीसाठी उठलं.

इतकं सगळं मी उकरून काढलं ते पोटासाठी. बिल्डरांची इंग्रजी माहितीपत्रकं मराठीत करून देणं हा माझा उद्योग, आणि माझा अनुभव असा, की इंग्लंडने टाकलेली सगळी विशेषणं आता पुण्याच्या पश्चिमेला राहायला आली आहेत. सिल्व्हन येतं, व्हर्डंट येतं, ब्यूकॉलिक येतं. परवा एका पत्रकात जाड गुळगुळीत कागदावर सोनेरी अक्षरांत ‘बॉस्की’ आलं. खाली संगणकाने काढलेली संध्याकाळ: ओल्या हिरवळीवरून चालणारं गोरं जोडपं आणि सोबत लॅब्राडोर. हे जोडपं इथे घर घेणार नाही हे बिल्डरला माहीत असतं, चित्रकाराला माहीत असतं, आणि चेहऱ्यावरून वाटतं, की कुत्र्यालाही माहीत असतं.

मी ‘गर्द झाडीतलं घर’ असं करून पाठवलं. मार्केटिंगच्या मुलीचा लगेच फोन.

“काका, झाडी नको ना.”

“का गं?”

“झाडी म्हटलं की लोकांना साप आठवतात.”

“मग राई म्हण.”

“राई म्हणजे मोहरी ना?”

“बरं, वनराई?”

“ते सरकारी वाटतं. तुम्ही सरळ ‘निसर्गाच्या सान्निध्यात’ घाला ना काका, सगळे तेच घालतात.”

मी तिला सांगितलं, की पूर्व विदर्भातला भंडारा, गोंदिया, चंद्रपूर, गडचिरोलीचा मुलूख स्वतःला अभिमानाने झाडीपट्टी म्हणवतो, धान कापून झालं की तिथे रात्र रात्र नाटकं चालतात, आणि सापाच्या भीतीने घरी बसलेला प्रेक्षक कुणी पाहिलेला नाही. ती शांतपणे म्हणाली, “पण काका, तिकडे आपला प्रोजेक्ट नाहीये.”

जागा बघितल्याशिवाय मी लिहीत नाही, म्हणून एप्रिलमध्ये एका दुपारी जाऊन आलो. पत्र्याच्या कुंपणाआड उकरलेला मुरूम, एक मिक्सर, पाण्याचा टँकर, आणि काळ्या प्लॅस्टिकच्या पिशव्यांत ओळीने मांडलेली पामची रोपं. काहींच्या मानेला नर्सरीची चिठ्ठी तशीच. वॉचमन खुर्ची टाकून बसला होता. सगळ्या साइटवर सावली तेवढीच होती, आणि ती जाहिरातीच्या फलकाची होती. फलकावर एक डेरेदार झाड रंगवलेलं.

“मामा, आधी काय होतं इथं?”

“आमराई व्हती की सायेब. पल्याडच्या अंगाला चिंचा. पार त्या वढ्यापत्तर.” ओढा कुठे आहे ते मी विचारलं. त्याने टँकरकडे बोट दाखवलं. त्याच्या चाकाखालून एक सिमेंटचा पाइप जात होता.

महाराष्ट्रात शहरी हद्दीत झाड तोडायचं तर १९७५ च्या कायद्यानुसार परवानगी काढावी लागते. विशेषण लावायला कुठलीही परवानगी लागत नाही, हा त्या कायद्यातला मोठाच दोष आहे. तो दुरुस्त होईपर्यंत माझ्यापुरता निकाल देऊन टाकतो. बॉस्की हा शब्द टेकडीला लावावा, ओढ्याकाठच्या घळीला लावावा. माथेरानला तर अवश्य लावावा. त्याच्या नावातच माथ्यावरचं रान आहे. माणसाला लावायचा झाल्यास सूर्यास्तानंतर, आणि काकूंची परवानगी घेऊन. टू बीएचकेला मात्र लावू नये. आणि कुणी लावलेला दिसलाच, तर बुकिंगचा चेक फाडण्याआधी एप्रिलमध्ये दुपारी दोन वाजता जागेवर जाऊन या. टोपी घालून जा.