वेसाव्याचा पत्ता

रविवारी सकाळी मी घरात जाहीर केलं, "आज सहा कोटी साठ लाख वर्षांपूर्वीचा डोंगर बघायला जायचं."

"एवढी वर्षं थांबलाय ना? मग माझा कुकर होईपर्यंत थांबेल," ही म्हणाली.

कुकर झाला आणि सांताक्रूझहून लोकलने अंधेरी गाठली. रिक्षावाल्याला म्हटलं, "गिल्बर्ट हिल." त्याचा चेहरा कोरा. खूप हातवारे केल्यावर तो म्हणाला, "गावदेवीचं देऊळ म्हणा ना!"

डोंगर दोनशे फूट उंच, पण इमारती त्याला अशा खेटून उभ्या की पायथ्याशी जाऊनही "डोंगर कुठाय?" विचारावं लागलं. मान वर केली आणि गप्प झालो. काळ्या कातळाचे उभे खांब, उसाच्या मोळीसारखे एकमेकांना चिकटलेले. लाव्हा निवताना आकसला, तडकला आणि असे खांब झाले. अमेरिकेतल्या अशाच खांबांच्या सुळक्याला 'डेव्हिल्स टॉवर' म्हणतात. तिकडे सैतानाच्या नावावर, इकडे देवीच्या. सातबारा आपलाच बरा. महापालिकेने 2007 साली याला वारसा यादीत घेतलं, तेही दुसऱ्या श्रेणीत. पहिल्या श्रेणीसाठी आणखी किती कोटी वर्षं लागतात कोण जाणे!

पायऱ्या चढताना मीही आकसलो, तडकलो. खांब तेवढा झालो नाही.

मग कोळीवाडा बघायला मेट्रोने वर्सोवा स्टेशन. बाहेर आल्याबरोबर हिने नाक वर केलं. "वास कुठाय?" वास नव्हता, कारण कोळीवाडाच नव्हता. तिथून पुन्हा रिक्षा.

वेसाव्यात, म्हणजे कोळ्यांच्या वर्सोव्यात, मात्र नाकानेच रस्ता दाखवला. वलांडीवर बोंबील वाळत होते, एकाचा जबडा दुसऱ्याच्या जबड्यात अडकवून, जोडीजोडीने. "आपल्यासारखेच," ही म्हणाली. पुढे काही न बोलता तिने अर्धा किलो सुके घेतले.

मी मासळीवाल्या मावशींना विचारलं, "वेसाव्याचा किल्ला कुठे?"

"तो मढला हाय. तरीनं जा."

वर्सोव्याचं स्टेशन वर्सोव्यात नाही, वेसाव्याचा किल्ला वेसाव्यात नाही! तरीने पाचेक मिनिटांत खाडीपार. 1739 साली मराठ्यांनी हा किल्ला पोर्तुगीजांकडून घेतला. आता तो हवाई दलाकडे आहे, आत जायला परवानगी लागते. मराठे बहुधा परवानगी काढून आले नव्हते. आम्हीही काढली नव्हती, म्हणून तटाला बाहेरूनच मुजरा केला.

परतीच्या डब्यात आमच्याभोवती ऐसपैस जागा झाली. वेसावे नक्की कुठे आहे, हे त्या दिवशी एकट्या पिशवीने बिनचूक सांगितलं.

सांताक्रूझला उतरलो तर बॅग ओढत एक पाहुणा समोर. "काका, सांताक्रूझ विमानतळ कुठे?"

"पार्ल्यात," मी म्हणालो.

सकाळी त्या रिक्षावाल्याने माझ्याकडे पाहिलं होतं, अगदी तसंच त्याने पाहिलं.