पाचोळ्याच्या बाजूने

आमच्या गल्लीत पाचोळा उचलणारी टाउनशिपची गाडी नोव्हेंबरच्या तिसऱ्या आठवड्यात शेवटची येऊन जाते. आमच्या आणि शेजारच्या अंगणाच्या हद्दीवरचा पिन ओक खरी पानं सोडायला लागतो तो त्यानंतर. मेपल ऑक्टोबरातच मोकळे होऊ लागतात. ओकची पानं मात्र तपकिरी होऊन फांदीलाच चिकटून राहतात, काही तर थेट वसंतापर्यंत. ओकची ही रीतच आहे, आणि न्यू जर्सीत ती कुणाला नवी नाही. रेड ओक हा तर या राज्याचा राज्यवृक्ष. मग पाचोळ्याचं वेळापत्रक मेपलकडे बघून का आखतात, हे मला दर वर्षी नव्याने खटकतं.

गाडी गेल्यावर उरतात कागदी पिशव्या. डिसेंबरातली पानं कोरडी कधीच नसतात. पिशवी भरून होईपर्यंत तळ भिजतो, आणि उचलायला गेलं की वरचा कागद हातात येतो, पानं जागच्या जागी राहतात. ती रस्त्याकडेला ढकलावीत तर नियम आहे: गाडी येण्याच्या सात दिवस आधीपासूनच ढीग लावता येतो, आणि पावसाच्या पाण्याच्या गटारापासून तो दहा फूट लांब हवा. हा नियम मला मान्य आहे. पानं गटारात गेली की रस्ते तुंबतात, आणि कुजलेल्या पानांतली पोषकद्रव्यं ओढ्यात उतरून शेवाळ माजवतात. पण गाडीच येणार नसेल तर नियम पाळणाऱ्याने पानं ठेवायची कुठे?

लीफ ब्लोअरवर माझा राग आहे तो गेल्या दिवाळीपासून. लक्ष्मीपूजनाच्या दिवशी शाळेतून आल्यावर माझ्या मुलीने ड्राइव्हवेवर पंधरा ते आठ ठिपक्यांची रांगोळी काढली. रांगोळी सांगलीहून आणलेली, सामानाच्या वजनात बसवून, चार रंगांच्या चार पुड्या. दोन तास ती थंडीत उकिडवी बसली होती. शेवटच्या पाकळीत गुलाबी भरून ती पणत्या आणायला आत गेली, आणि तेवढ्यात शेजारच्या घराची पानं हटवायला कंत्राटदाराची माणसं आली. पाठीवर यंत्र घेतलेल्या एकाने शेजारचा ड्राइव्हवे साफ करता करता नळी वळवली. ठिपके, पाकळ्या, रंग, सगळं पानांसकट आमच्या हिरवळीवर गेलं.

त्या माणसाने लगेच यंत्र बंद केलं, कानांवरचे मफ काढले आणि दोनदा माफी मागितली. त्याच्यावर माझा अजिबात रोष नाही. दिवसाला कितीतरी घरं उरकायची असली की जमिनीकडे बघायला सवड कुठून मिळणार? मुलगी पणती हातात घेऊन दारात उभी होती. म्हणाली, "आई, गुलाबी संपलाय." मला ते अजूनही लागतं.

तक्रार आहे ती त्या यंत्राबद्दल आणि त्याची सवय झालेल्या आपल्या सगळ्यांबद्दल. पेट्रोलवर चालणारा मोठा ब्लोअर तासभर चालवला, तर त्यातून धुरकं निर्माण करणारं जेवढं प्रदूषण होतं, तेवढं साधी मोटार सुमारे १,१०० मैल चालवल्यावर होतं. कॅलिफोर्नियाच्या हवा मंडळाने हा हिशेब मांडला आहे. वॉशिंग्टन डीसीने २०२२पासून असे ब्लोअर बंद केले. आमच्याकडे ते ऑक्टोबर ते डिसेंबर रोज सकाळी सुरू होतात. एवढं करून पानं जातात कुठे? माझी शेजाऱ्यांकडे, शेजाऱ्यांची माझ्याकडे.

त्या रात्री आईचा फोन आला. रांगोळीचं ऐकून तिलाही वाईट वाटलं, पण तिचा प्रश्न वेगळा होता. "अगं, पानं टाकून कशाला देता? झाडाच्या आळ्यात घाल की." सांगलीच्या घरामागे तिने तेच केलं, पेरू आणि चिकूच्या आळ्यांत. मला इथे येऊन अठरा वर्षं झाली आणि मी दर वर्षी पानं पिशवीत भरत होते. त्यानंतर मी वाचायला लागले. मिशिगन स्टेट विद्यापीठातल्या गवताच्या अभ्यासकांनी वर्षानुवर्षं हेच दाखवून दिलं आहे: वाळलेली पानं गवत कापायच्या यंत्राखाली बारीक केली की त्यांचा चुरा हिरवळीत मुरतो आणि जमिनीला खत मिळतं. न कापलेल्या पानांचा ओला जाड थर बर्फाखाली राहिला तर मात्र गवत कुजतं आणि मार्चमध्ये करडे डाग दिसतात. म्हणून चुरा करायचा, आणि जास्तीची पानं झाडांखाली लोटायची. काजव्यांच्या अळ्या हिवाळा काढतात तो ओलसर मातीत आणि पाचोळ्यातच. जूनमध्ये अंगणात काजवे दिसेनात म्हणून हळहळणारे आम्हीच नोव्हेंबरात त्यांचं घर पिशवीत घालून देतो.

अमेरिकेतली अंगणं, बागा आणि गोल्फची मैदानं मिळून किती गवत आहे याचा अंदाज क्रिस्टिना मिलेसी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी २००५ साली मांडला. तो सुमारे १,६३,००० चौरस किलोमीटर आहे, म्हणजे महाराष्ट्राच्या निम्म्याहून जास्त. एवढ्या जमिनीवरचा पाचोळा जागेवर मुरू द्यायचा की ट्रकांनी हलवायचा, हा प्रश्न मला क्षुल्लक वाटत नाही.

खताचंही तसंच. बार्नेगॅटच्या खाडीत शेवाळ वाढलं म्हणून न्यू जर्सीने २०११ साली कायदा केला. १५ नोव्हेंबर ते १ मार्च घरमालकाने हिरवळीला खत घालायचं नाही, आणि मातीची तपासणी केल्याशिवाय फॉस्फरस तर बहुतेक वेळा मुळीच नाही. चांगला कायदा आहे. तरी आमच्या जवळच्या दुकानात थँक्सगिव्हिंगच्या आठवड्यात दारातच हिवाळी खताच्या पोत्यांची थप्पी असते, सवलतीच्या पाटीसकट, आणि तारखेबद्दल तिथे एक अक्षर नसतं. नवीन घर घेतलेल्या एका मराठी जोडप्याला मी ते पोतं गाडीत टाकताना पाहिलं. जाऊन सांगितलं. त्यांना माहीतच नव्हतं. माहीत होणार तरी कुठून?

बाकीची कामं मी विनातक्रार करते. शेवटची कापणी जराशी खाली, अडीच इंचांवर. स्प्रिंकलरच्या नळ्यांतलं पाणी कॉम्प्रेसरने फुंकून काढायचं, नाहीतर गोठून नळ्या फुटतात. बाहेरच्या नळाचा रबरी पाइप काढून ठेवायचा.

टाउनशिपला मी पत्र लिहिलं होतं: शेवटची फेरी तीन आठवडे पुढे न्या, आणि वेळापत्रकाच्या कागदावर पानांचा चुरा कसा करायचा याच्या चार ओळी छापा. उत्तरात त्याच वेळापत्रकाची प्रत आली. ती फ्रिजवर लावली आहे. आज ९ डिसेंबर. ओकवर अजून निम्मी पानं आहेत.